वेगळ्या वाटीतलं चीज

अक्का, उद्या तुमचं तेरावं. तुमच्या पानावर काय वाढायचं यावरून सकाळपासून स्वयंपाकघरात वाद चालू आहे. मी या घरात सून म्हणून आले तेव्हापासून तुमच्याशिवाय झालेला हा पहिला वाद.

विषय मोठ्या आत्यांनी काढला. सासरे गेल्यापासून घरातला शेवटचा शब्द त्यांच्या या बहिणीचा. त्यांनी चुलीसमोर पाट टाकला, बाकीच्या बायका भिंतीला टेकून बसल्या. "धाकटे," त्या मला म्हणाल्या, "पान तू वाढायचं. जावा-जावा एका चुलीवर राबल्या तुम्ही. तिला काय आवडायचं ते बोल."

कुणी पुरणपोळी म्हणालं. कुणी येसराची आमटी म्हणालं. मी म्हणाले, "सॅलड."

"ते काय असतं वं?"

"अक्का त्याला माझा घोळाणा म्हणायच्या. कडू पाला, मोसंबी, शेंगदाणे आणि चीज."

आत्यांनी पदर सावरला. "तेराव्याच्या पानावर कच्चा कडू पाला? बिलकुल न्हाई. गेलेल्या माणसाला तरी गोडधोड खाऊ द्या."

मी उलटून बोलले नाही, पण ऐकलंही नाही. आता दुपार आहे, सगळे आडवे झालेत आणि मी ओट्यापाशी बसून हे लिहिते आहे. समोर खुंटीला फडकं टांगलंय, त्यातून खालच्या भांड्यात पाणी गळतंय. त्यात काय आहे ते तुम्हाला सांगायला नको.

माझ्या हट्टाचं कारण मात्र सांगते. तुम्ही दवाखान्यातून माझ्यासाठी एक वाक्य धाडलंत. तुमच्या वैशालीनं फोनवर सांगितलं, "काकू, आई म्हणतेय, चीज केलं." त्याच्या पुढं 'का' होता की नव्हता, हे तिला धड सांगता येत नाही. वॉर्डात कुणाचं तरी लेकरू रडत होतं आणि तुम्हाला दम लागला होता. 'का' असेल, तर तुम्ही मला विचारलंत, की सॅलडात घालायचं चीज केलंस का. 'का' नसेल, तर तुम्ही म्हणालात, की धाकटीनं चीज केलं, शिकल्याचं, या घरात नांदल्याचं. त्या एका अक्षरावर माझं सगळं अडलंय. आणि तुम्ही मला समोरासमोर कधी चांगलं म्हणालाच नाहीत, त्यामुळे ताडून बघायला मागचं काही नाही.

भोकरदनकडच्या आमच्या वाडीत माझ्या आधी आमच्या खानदानातलं कुणी कॉलेजची पायरी चढलं नव्हतं. मुलगाही नाही आणि मुलगीही नाही. हे मी सगळीकडे सांगते, तसं इथेही सांगते. बी.एस्सी. झाले तेव्हा माझे वडील एसटीत शेजारी बसलेल्या अनोळखी माणसालासुद्धा सांगायचे, "पोरीनं माझ्या कष्टाचं चीज केलं." तो शब्द माझ्या कानात तेव्हापासून आहे. दुसरं चीज मला पुढे जालन्यात भेटलं. एका बियाण्यांच्या कंपनीत मी बी उगवून बघायच्या कामाला होते. बाहेरचे पाहुणे आले की जेवणात एक मोठा काचेचा वाडगा यायचा. त्यात हिरवा पाला, फळांच्या फोडी, अक्रोड आणि पांढऱ्या चीजचे तुकडे असायचे. पहिल्यांदा खाल्लं तेव्हा वाटलं, हे तर आपल्याकडचंच आहे, फक्त कुणी तरी त्याला इस्त्री केलीय.

लग्न होऊन शहागडच्या अलीकडच्या या गावात आले तेव्हा पिशवीत लेट्यूसच्या बियांचं पाकीट होतं. मोसंबीच्या बागेत, पाण्याच्या मोटारीच्या खोलीच्या सावलीला मी वाफा केला. तुम्ही कमरेवर हात ठेवून उभ्या होता.

"काय पेरून राह्यली गं?"

"लेट्यूस."

"लेटूस? म्हंजी उगवल्यापासून लेटूनच राहतंय का काय?"

"खायचा पाला आहे, अक्का."

"आपल्याकडं पाल्याची काय कमी पडली? बांधावर पाथरी हाय, घोळ हाय, हरभऱ्याचे शेंडे हायेत."

लेट्यूस उगवलं, चार बोटं वर आलं आणि तुमच्या शेळीनं एका दुपारी साफ केलं. मी रडकुंडीला आले. तुम्ही तिच्या गळ्यातलं दावं धरून म्हणालात, "बघ, हिलाबी डिग्री हाय." मला तेव्हा अजिबात हसू आलं नव्हतं.

मग मी पाथरीकडे वळले. करडईच्या आणि गव्हाच्या रानात ती जमिनीला चिकटून येते. जराशी कडू, चावायला कुरकुरीत. जालन्याच्या त्या वाडग्यातला एक पाला अगदी तसाच लागायचा.

आता तो दिवस सांगते. आपण दोघी त्या दिवसाबद्दल पुष्कळ भांडलो, पण एकमेकींशी बोललो असं कधी झालं नाही.

वैशालीला बघायला पाहुणे आले होते. तुमची एकुलती एक पोर, बारावीला चांगले मार्क पडलेली, नर्सिंगला जायचं म्हणून घर डोक्यावर घेणारी. स्थळ दादांनी, म्हणजे माझ्या मोठ्या दिरांनी आणलेलं. तुमचे मालक एकदा बोलले की बोलले. पोरीला न विचारताच त्यांनी जवळजवळ शब्द देऊन टाकला होता. मी सकाळपासून खपून पितळी परातीत सॅलड केलं. पाथरी, कोवळी मेथी, आपल्या बागेतली मोसंबी, भाजलेले शेंगदाणे आणि जालन्याहून आणवलेलं चीज. या घरातल्या बायकांना भाकरी थापण्यापलीकडेही काही येतं, हे मला दाखवायचं होतं. आजही मला त्यात वावगं वाटत नाही.

पाहुणे बाहेरच्या खोलीत बसलेले. तुम्ही आत आलात, एक पान उचलून जिभेवर ठेवलंत आणि तुमचा चेहराच बदलला.

"पाथरी हाय ही!"

"हो."

"अन् कच्ची मेथी?" तुमचा आवाज दबका होता, पण त्यात चटका होता. "अगं, कडू पाला तोंडात घेऊन माणूस दारात येतं ते मयतावरून. सोयरिकीच्या ताटात कडू पाला वाढून राह्यली?"

"पाडव्याला लिंबाचा पाला खातोच ना आपण? वर्षाच्या पहिल्याच दिवशी?"

"त्यात गूळ असतो."

"यात मोसंबी आहे."

बाहेर कपबश्या वाजत होत्या, दादा मोठ्यानं हसत होते. "गोडासंगं असला तं पाडवा," तुम्ही म्हणालात, "नुसता असला की मयत. येवढंबी कळंना तुला, म्याडम?" आणि परातीवर दुरडी पालथी घातलीत.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. रागाचं होतं ते. मी ते पुसते न पुसते तोच मुलाची आई आत आली आणि आपल्यात येऊन बसली. गोड बाई होती बोलायला. "आमच्याकडं पोरीला कॉलेज-बिलेज न्हाई बरं का," ती म्हणाली. "घरात गुरं हायेत. धारा काढता येतात ना हिला?"

"येतात की," तुम्ही म्हणालात. तुमचा हात दुरडीवर होता.

"शिकून तरी काय करायचं? शेवटी चूलच हाय."

बाईनं विचारलं, "हे काय झाकलंय?"

आणि तुम्ही दुरडी उचललीत, अक्का. जी तुम्हीच पालथी घातली होती ती. "आमच्या धाकटीनं केलंय. कॉलेजातलं हाय. खाऊन तर बघा." ताटली घेतलीत, मोसंबीच्या फोडी बोटानं बाजूला सारल्यात, आणि नुसत्या पाथरीचा मोठा घास तिच्यापुढं ठेवलात. मी बघत होते. मला वाटलं, फोडी घरच्या माणसांसाठी राखून ठेवल्यात. त्या बाईनं घास तोंडात घेतला. थुंकता येईना, गिळता येईना. तिचं तोंड अजून माझ्या डोळ्यांसमोर आहे.

सोयरीक मोडली. मोठ्या आत्या निरोप घेऊन आल्या, की पाहुण्यांचं मन नाही, पहिल्याच ताटाला कडू पाला आला म्हणतात. दादांनी माझ्याकडं पाहिलं आणि ताटावरून उठले. त्यानंतर कितीतरी दिवस मी वाढायला वाकले की ते भिंतीकडं बघायचे. आणि तुम्ही कुठल्याही भांडणात, मग ते दुधावरून असो की सरपणावरून, शेवटी तिथंच यायच्या: "तुझ्या पाल्यानं माझ्या पोरीची सोयरीक मोडली." गावात, विहिरीवर, लग्नाकार्यात सगळीकडे हाच बोल. माझे मालकसुद्धा एकदा म्हणाले, "तुला काय नडलं होतं?"

आपलं बोलणं बंद झालं. एका ओट्यापाशी उभं राहून आपण वैशालीमार्फत बोलायचो.

"तुझ्या काकूला सांग, मीठ संपलं."

"तुझ्या आईला सांग, मोठ्या डब्यात बघा."

"तिला सांग, बघितलं."

"मी काय टपाल हाय का?" वैशाली ओरडायची, आणि आपण दोघी पाठ करून उभ्या. हसू दाबायला. निदान मी तरी त्याचसाठी.

त्याच वर्षी तुम्ही दादांच्या मागं लागून तिला संभाजीनगरला नर्सिंगला धाडलंत. "आता मोडलेल्या सोयरिकीची पोर, लगेच कोण विचारतंय? बसून राहण्यापरीस शिकू द्या," असं तुम्ही म्हणालात. मी ऐकलं आणि मनात म्हटलं, बरं झालं. पण माझ्या मनात त्याच्या पुढचं काही आलं नाही.

मग तुम्हाला साखर निघाली. अंबडच्या डॉक्टरांनी सांगितलं, कच्चं खा, हिरवं खा. वैशाली सुट्टीला आली होती. तुम्ही ओट्याकडं तोंड करून म्हणालात, "तुझ्या काकूला विचार, तो पाला धुऊन खायचा असतो का तसाच?"

मी म्हणाले, "तुझ्या आईला म्हण, विचारायचं असेल तर तोंडानं विचारा."

वैशाली श्वास धरून उभी होती. मग तुम्ही वळलात. "धुऊन का तसाच?"

"धुऊन."

आपला तह म्हणतात तो इतकाच. त्यानंतर रोज दुपारी आपण सॅलड करायचो आणि रोज भांडायचो. पाला परातीत पाण्यात बुडवायचा, माती तळाला बसू द्यायची आणि पाला वरच्या वर उचलून घ्यायचा. एकमत इथपर्यंतच. कोरडा कसा करायचा यावर पहिलं भांडण. मी म्हणायचे पसरून ठेवा. तुम्ही दादांच्या जुन्या धोतरात तो बांधलात, अंगणात जाऊन गाठोडं गोफणीसारखं गरगर फिरवलंत आणि सगळे थेंब माझ्या चष्म्यावर आणलेत.

मग तोडणं. विळीवर चिरला की पाल्याच्या कडा काळ्या पडतात आणि पाणी सुटतं, म्हणून हातानं तोडायचा.

"हातानं तोडायला आपण शेळ्या हाओत का?"

"शेळ्या तोंडानं तोडतात, अक्का."

"हे बी.एस्सी.त शिकवलं का?"

"हो."

मोसंबीची साल सुरीनं काढायची, पांढरं जराही राहू द्यायचं नाही. फोडींची पातळ कातडी तुम्ही अंगठ्याच्या नखानं सोडवायच्या. बिया काढायचं काम माझं, आणि एखादी हटकून राहून जायची. ती तुमच्या दाताखाली आली की माझ्या तळहातावर ठेवायच्या. "घे. उगवून बघ." शेंगदाणे मी अर्धे-अर्धे ठेवायचे, तुम्हाला कूट पाहिजे असायचा. कुटानं सगळं एकच लागतं, ज्याची त्याची चव राहत नाही, असं माझं म्हणणं. "मंग काय, ज्यानं त्यानं वेगळं निघायचं का?" असं तुमचं. वर करडईचं तेल, मोसंबीचा रस आणि मिरपूड. मीठ अगदी जेवायला बसताना, नाही तर पाला मान टाकतो. तुमच्या भाषेत 'लेटतो'. तो शब्द तुम्ही शेवटपर्यंत सोडला नाहीत. हा आपला कच्च्या भाजीचा घोळाणाच आहे आणि तू त्याला उगीच विलायती नाव दिलंस, हाही हेका सोडला नाहीत. मी म्हणायचे, घोळाण्यात मोसंबी कुठं असते? तुम्ही म्हणायच्या, "आता असती."

आवडलं असं कधी म्हणाला नाहीत. "उद्या पाला जरा जास्त तोड," म्हणायच्या.

आणि चीज. त्या दिवशी परातीतलं चीज तुमच्या नजरेत आलं नव्हतं; पुढे हायवेवरच्या दुकानातून मी वड्या आणल्या तेव्हाचं बोलणं मला शब्दाशब्दानं आठवतं.

"हे काय?"

"चीज."

"कोणती चीज?"

"चीज म्हणजे चीज, अक्का. दुधाचं असतं."

"दुधाची कोणती चीज? दही, लोणी, चक्का, काही नाव तं असंल."

"हेच नाव आहे."

"नुसतंच चीज? ट्रकवाले म्हणतात तसं, ये क्या चीज है?"

"तसंच समजा."

तुम्ही वडी नाकाशी नेलीत. "दूध, मीठ अन् आंबट फळ एका घासात? अंगावर कोड उठतं."

"तसं काही नसतं. ताकात मीठ घालता ना? मग?"

"ताक म्हंजी दूध न्हाई."

"चीज म्हणजे पण दूध नाही."

"आत्ताच म्हणली दुधाचं असतं!" आणि मग तुम्ही खुशीत येऊन सुट्टीला आलेल्या वैशालीला हाक मारलीत, "ये, ऐक जल्दी! तुझ्या काकूनं शिक्षणाचं चीज केलं गं बाई. काय केलं? तं चीज!"

सगळं घर हसलं. माझ्या वडिलांचा तो शब्द तुम्ही असा उधळलात, म्हणून मला लागलं होतं. त्या दिवसापासून चीज वेगळ्या वाटीत. माझी वाटी माझ्यापाशी, तुमचं ताट तुमच्यापाशी. मी माझ्या ताटात मिसळून घ्यायची, तुम्ही माझ्या हातांकडे बघायच्या, कोड उठलं का ते.

पायाची जखम चिघळली आणि तुम्हाला संभाजीनगरला न्यायचं ठरलं. गाडीत बसताना तुम्ही माझ्याकडं न बघता म्हणालात, "दुकानातलं काय काय घालून करतेत कुणास ठाऊक. घरच्या म्हशीच्या दुधाचं, घरी केलं तं बघू."

"खाल?"

"बघू म्हणलं. खाईन कुठं म्हणलं?"

मी दूध तापवलं, लिंबू पिळून फाडलं, फडक्यात बांधलं, मीठ लावलं आणि खुंटीला टांगलं. याला लोक पनीर म्हणतील. मीठ लावून, दाबून एक रात्र ठेवलं की ते माझ्या चीजच्या जवळ जातं. दुसऱ्या दिवशी डबा घेऊन यायचं ठरलं होतं. दुपारी वैशालीचा फोन आला: "काकू, आई म्हणतेय, चीज केलं." मी लगेच म्हणाले, "हो म्हण. टांगलंय. उद्या आणते." वैशाली म्हणते, तोवर तुम्ही डोळे मिटले होते. ऐकलंत का नाही, कुणाला ठाऊक.

दुसऱ्या दिवशी तुम्हालाच आणलं. त्या गडबडीत ते फडकं खुंटीलाच राहिलं. आंबूस वास सुटला तेव्हा ध्यानात आलं. मी ते उकिरड्यावर नेऊन टाकलं आणि तिथंच, उकिरड्यापाशी, पहिल्यांदा रडले.

माणसं नदीवरून परत आली तेव्हा दारात लिंबाचा डहाळा ठेवला होता. एकेक जण पान चावून, चूळ भरून आत आला. बायकांनी चावायचं असतं का नाही, मी विचारलं नाही. मीही एक पान तोडलं आणि चावलं. तुम्ही म्हणाला होता तसंच होतं, नुसतं. यंदा पाडवा तोंडावर आलाय आणि आपल्या घरी गुढी नाही.

तुमच्या त्या वाक्याची गोष्ट घरात पसरली. येणाऱ्या बायका मला म्हणायला लागल्या, "जाताना केवढं मोठं बोलून गेली गं तुझी जाऊ! धाकटीनं चीज केलं म्हणे." मी मान हलवायची. आतून वाटायचं, नाही, तिनं विचारलं होतं. पुन्हा वाटायचं, विचारलं नसेल तर?

आज सकाळचा वाद झाल्यावर आत्यांनी मला मागच्या दारी बोलावलं. "हट्ट सोड," त्या म्हणाल्या. "पानावर कडू नको."

मला राहवलं नाही. "ज्या पाल्यानं सोयरीक मोडली म्हणून मी इतकी वर्षं बोल ऐकले, तो पाला त्यांनी नंतर रोज मागून खाल्ला, आत्या. मी तो वाढणारच."

आत्या पायरीवर बसल्या. "पाल्यानं कुठं मोडली, बाई?"

"म्हणजे?"

"तुझ्या जावेलाच नको होती ती सोयरीक. त्या बाईनं कॉलेज न्हाई म्हणल्यावर तिचं मन उठलं. मालकांनी शब्द दिल्ता, त्यांच्यापुढं न्हाई म्हणायची सोय नव्हती. मला म्हणली, आत्या, तिकडं सांगा आमचं मन न्हाई. अन् इकडं सांगा त्यांचं मन न्हाई, कडू पाला आला म्हणून. तुझा पाला बरा सापडला तिला."

मला ती ताटली दिसली, आणि बाजूला सारलेल्या मोसंबीच्या फोडी. गोडासंगं असला तर पाडवा, नुसता असला की मयत. तुम्ही त्या बाईला नुसता वाढलात. ठरवून वाढलात.

अक्का, मला तुमचा राग आलाय. तेराव्याच्या आदल्या दिवशी असं म्हणू नये, पण आलाय. तुम्ही मला सांगायला हवं होतं. वैशालीच्या शिक्षणासाठी दादांसमोर उभं राहायला या घरात मी नव्हते का? कॉलेजात गेलेली एकच बाई होती घरात, आणि तुम्ही तिला सोबत घेतलं नाहीत, तिच्या परातीच्या आड उभ्या राहिलात. भांडणं जुंपली की तोच पाला माझ्या तोंडावर मारलात. तुमचा तो अपशकुनावरचा विश्वास खरा होता की दादांसाठी होता, तेही मला आता कळायचं नाही. नंतर इतक्या दुपारी आपण दोघींनी एकाच परातीत हात घातले. त्यातल्या एखाद्या दुपारी बोलला असता, तर मी काय केलं असतं? आधी भांडले असते. मग हसले असते. तुम्ही मला दोन्हींपासून दूर ठेवलंत.

आणि दुसरं हेही आहे, की त्या वॉर्डात तुमचा हात धरून जी पोर उभी होती, ती पांढऱ्या गणवेशात होती. तिला तिथं कुणी उभं केलं ते मला आज कळलं. त्यात माझा पाला होता. माझ्याकडून न विचारता घेतलात, पण कामी आणलात. बांधावरच्या पाथरीनं एका पोरीचं आयुष्य वळवलं, हे माझ्या बी.एस्सी.त कुणी शिकवलं नव्हतं. मला त्याचा अभिमान वाटतोय, आणि तुमचा राग तसाच आहे. दोन्ही एकाच परातीत पडलंय, वेगळं काढता येत नाही.

हे कुठं छापून आलं तर दादा वाचतील. वाचू द्या. त्यांनी माझ्याशी बोलणं टाकलं होतं. आता वाचावं तरी लागेल.

मघाशी वैशाली आत आली. तिनं फडक्याकडं बघितलं. मी पुन्हा विचारलं, "खरं सांग. 'का' होता?"

"काकू, चांगलं म्हणाली असंच धर ना," ती म्हणाली. "आईनं जाताना तुला चांगलं म्हणलं. तुला आवडत नाही का ते?"

आवडतं. आवडत नाही असं कसं म्हणू? माझे वडील असते तर तेवढ्या एका वाक्यावर एसटीभर सांगत फिरले असते. पण अक्का, माझं चीज झालं का नाही, हे मला माहीत आहे. ते मी स्वतः केलंय, त्याला तुमचा शिक्का लागत नाही. आणि मरताना गोड बोलून जाणारी बाई माझ्या ओळखीची नाही. माझ्या ओळखीची बाई छातीत दम मावत नसतानाही चौकशी करणारी आहे, की म्हणलं होतं तसं केलं का, घरच्या दुधाचं केलं का, का नुसतीच बोलली ही म्याडम. मला 'का' पाहिजे. शाबासकी मिळाली की बोलणं संपलं. विचारलं असेल तर अजून माझी पाळी आहे.

म्हणून उत्तर देते. केलं, अक्का. सकाळी पुन्हा दूध फाडलं, आत्यांच्या डोळ्यांदेखत. उद्या पाला धोतरात बांधून अंगणात फिरवीन, माझ्याच चष्म्यावर थेंब घेईन. हातानं तोडीन. शेंगदाणे अर्धे तसेच ठेवीन आणि अर्ध्यांचा कूट करीन, तेवढं तुमचं ऐकते. मोसंबी भरपूर घालीन, पानावरचा एकही घास नुसता राहणार नाही. मीठ शेवटी.

आणि चीज उद्या वेगळ्या वाटीत नाही. मिसळूनच वाढणार आहे. अंगावर कोड उठलं, तर वैशालीकडं निरोप धाडा.